माघारी चालू राहिलेलं काम

१९४६ साली एरिश पॉमर जर्मनीत परतले, ते अमेरिकी लष्करी प्रशासनाचे चित्रपट-अधिकारी म्हणून. १९३३ मध्ये हिटलर सत्तेवर आला तेव्हा ज्यू असल्यामुळे त्यांना याच देशातून बाहेर पडावं लागलं होतं. त्याआधी जर्मन सिनेमाच्या वैभवाचा बराचसा काळ त्यांच्या हातांखालून गेलेला. ‘द कॅबिनेट ऑफ डॉ. कॅलिगारी’ १९२० चा, ‘मेट्रोपोलिस’ १९२७ चा, मार्लिन डीट्रिशला जगापुढे आणणारा ‘द ब्लू एंजल’ १९३० चा. तिन्हींचे निर्माते पॉमर. या चित्रपटांचा विषय निघाला की दिग्दर्शक आठवतात, नटी आठवते, ‘मेट्रोपोलिस’मधली ती यंत्रस्त्री आठवते. पॉमर यांचं नाव मात्र जाणकारांच्याच बोलण्यात येतं. तरीही युद्धानं मोडून पडलेला तिथला चित्रपटव्यवसाय पुन्हा उभा करायचा, कोणाला काम करायची परवानगी द्यायची, कोणाला नाही, हे ठरवायचं, त्या वेळी ज्याच्यावर भिस्त ठेवावी असा माणूस म्हणून तेच आठवले.

पॉमर यांची ही हकिकत वाचल्यापासून निर्मात्याच्या कामाकडे मी निराळ्या नजरेनं बघू लागलो. निर्माता म्हणजे पैसे घालणारा, असा आपल्याकडे सरसकट समज आहे. पैसा उभा करणं त्या कामात येतंच. पण योग्य माणसं हेरणं, एकमेकांशी न पटणाऱ्यांना एका कामावर टिकवून धरणं, पावसानं वाया गेलेला दिवस कुठून तरी भरून काढणं, दिग्दर्शकाच्या हट्टाला कुठवर मान द्यायचा आणि कुठे थांबवायचं हे ओळखणं, हा सगळा त्याचा रोजचा प्रपंच. एवढं करून पडद्यावर त्याचं काहीच दिसत नाही. नटाची छबी मागे राहते, लेखकाचं वाक्य राहतं, छायालेखकानं पकडलेला उजेड राहतो. निर्मात्याच्या कारकिर्दीचा माग काढायला आपण कुठे बघायचं?

मी नांदगावचा. मनमाड आणि चाळीसगाव यांच्या मधलं आमचं स्टेशन. मनमाड आमच्याच तालुक्यात; जंक्शन असल्यामुळे देशभर नाव त्याचं. एके काळी वेरूळची लेणी बघायला निघालेला मुंबईचा प्रवासी नांदगावला उतरायचा आणि पुढचा लांबचा पल्ला टांग्यानं गाठायचा. १९०० साली मनमाडहून औरंगाबादकडे रेल्वे सुरू झाली आणि तो उतारू आमच्या फलाटावरून नाहीसा झाला. वेरूळचं वर्णन करताना आज कोणी नांदगावचं नाव घेत नाही. तरी काही दशकं त्या लेण्यांची वाट आमच्या गावानं सांभाळली होती. अशा गावात वाढलेल्या माणसाला, दुसऱ्यांना मुक्कामी पोचवून स्वतः मागे राहिलेल्यांबद्दल आतून ओढ वाटते, असं मला वाटतं.

सिनेमाही आमच्याकडे रेल्वेनंच आला. रिळांचे पत्र्याचे डबे एका जड पेटीत भरून ती पेटी गाडीतून उतरायची. यात्रेच्या दिवसांत माळावर तंबू लागायचा. लहानपणी मला पडद्यासमोरच्या गर्दीत बसण्यापेक्षा प्रोजेक्टरच्या कडेला उभं राहायला आवडायचं. फिल्म तुटली की तंबूभर शिट्ट्या आणि आरडाओरडा व्हायचा आणि ऑपरेटर एक शब्द न बोलता तुटलेली टोकं जोडून, रीळ पुन्हा चढवून, खेळ पुढे चालू करायचा. त्याच्याकडे वळूनही कोणी बघत नसे. तो चित्रपट कोणता होता हे मला आठवत नाही, त्या माणसाची बोटं आठवतात. त्या ओढीनंच पुढे चित्रपटांविषयी वाचायला लागलो आणि वाचता वाचता हिमांशू राय यांच्यापाशी येऊन थांबलो.

हिमांशू राय मूळचे बंगाली, जन्म १८९२ चा. कायदा शिकायला लंडनला गेले आणि नाटकात रमले. १९२४ साली गौतम बुद्धावरच्या चित्रपटाची कल्पना घेऊन हा तरुण म्युनिकला पोचला. तिथल्या एमेल्का या कंपनीत पीटर ओस्टरमायर निर्माते होते, त्यांच्यापुढे त्यानं प्रस्ताव मांडला : कथा, नट आणि भारतातला खर्च आमचा, दिग्दर्शक, कॅमेरा आणि तंत्रज्ञ तुमचे. पहिल्या महायुद्धात हरलेल्या, चलन कोसळल्यामुळे नुकत्याच होरपळलेल्या देशातल्या कंपनीला एका पारतंत्र्यातल्या देशाचा माणूस बरोबरीच्या भागीदारीची भाषा करत होता. ओस्टरमायर यांनी ती मानली. पुढच्याच वर्षी, १९२५ मध्ये, त्यांचे भाऊ फ्रांझ ओस्टेन दिग्दर्शक म्हणून मुंबई बंदरात उतरले. सोबत आलेल्या छायालेखकांत योसेफ विर्शिंग हा जेमतेम बाविशीतला मुलगा होता. ‘प्रेम संन्यास’ अर्थात ‘लाइट ऑफ एशिया’ अशा रीतीनं तयार झाला. बुद्धाची भूमिका स्वतः राय यांनी केली. त्यानंतर ‘शिराज’ आला, १९२९ मध्ये ‘प्रपंच पाश’ आला. या काळात बर्लिनच्या प्रख्यात ऊफा कंपनीशी त्यांचा संबंध जुळला. राय आणि त्यांच्या पत्नी देविकाराणी ऊफाच्या स्टुडिओत पॉमर यांच्या विभागाचं काम जवळून बघत होते. बोलपट नुकता सुरू झाला होता, आणि तो कसा घडतो हे त्या दोघांना जगातल्या उत्तम कारखान्यात बघायला मिळालं.

बर्लिनहून राय काय घेऊन आले, याचा मी पुष्कळदा विचार करतो. त्यांच्या काळातले अनेक जण परदेशातून यंत्रं घेऊन आले. आमच्या नाशिक जिल्ह्यातले दादासाहेब फाळके १९०९ च्या सुमाराला छपाईच्या यंत्रांसाठी जर्मनीला जाऊन आले होते आणि पुढे १९१२ मध्ये लंडनहून त्यांनी कॅमेरा आणला. प्रभातचा ‘सैरंध्री’ १९३३ साली रंगीत छपाईसाठी व्ही. शांताराम जर्मनीला घेऊन गेले. रंग मनासारखे उतरले नाहीत, पण तिथल्या स्टुडिओंमध्ये डोळे भरून जे पाहिलं ते त्यांच्या पुढच्या चित्रपटांना उपयोगी पडलं. राय यांनी यंत्रांच्या जोडीनं कामाची घडी आणली. प्रत्येक विभागाला जाणकार प्रमुख, त्याच्या हाताखाली शिकणारे तरुण, ठरल्या वेळी येणं, ठरल्या दिवशी पगार, आणि हिशेबाची वही उघडी ठेवणारी कंपनी. १९३४ मध्ये मालाडला त्यांनी ‘बॉम्बे टॉकीज’ सुरू केली ती २५ लाखांच्या अधिकृत भांडवलाची मर्यादित कंपनी म्हणून. सिनेमाकडे भल्या घरची माणसं तोंड वाकडं करून बघायची, त्या दिवसांत एफ. ई. दिनशा, सर चिमणलाल सेटलवाड यांच्यासारखी वजनदार माणसं तिच्या संचालक मंडळावर आली. त्यांना पटवताना राय यांनी किती उंबरे झिजवले असतील, याचा अंदाज घरोघरी वर्गणीसाठी फिरलेल्या माणसालाच येईल.

मालाडला ओस्टेन पुन्हा आले, विर्शिंग कॅमेरा विभागाचे प्रमुख झाले, कार्ल फॉन स्प्रेटी नेपथ्य बघू लागले, रसायनशाळेत विल्हेल्म त्सोले होते. ओस्टेन यांना हिंदी येत नव्हतं. दुभाष्यांच्या मदतीनं त्यांनी १९३५ ते १९३९ या काळात सोळा चित्रपट दिग्दर्शित केले. १९३६ चा ‘अछूत कन्या’ त्यांतलाच. १९३७ च्या ‘इज्जत’मध्ये मराठे आणि भिल्ल यांच्यातला संघर्ष होता. एका जर्मन चमूनं आमच्या बाजूचे भिल्ल पडद्यावर कसे उभे केले असतील, हे कुतूहल खानदेशाच्या सीमेवर राहणाऱ्या मला साहजिकच वाटतं.

राय यांचा कटाक्ष होता की कंपनीत शिकलेली मुलं यावीत. रसायनशाळेत रिळं धुणाऱ्यांत एक विज्ञान शिकलेला तरुण होता. ‘जीवन नैया’चा नायक ऐन वेळी काढून टाकावा लागला तेव्हा राय यांनी त्यालाच कॅमेऱ्यासमोर उभं केलं. दिग्दर्शकाला तो चेहरा पसंत नव्हता. राय ठाम राहिले. तो तरुण म्हणजे अशोककुमार. ध्वनी विभागात शशधर मुखर्जी होते, ते पुढे स्वतः मोठे निर्माते झाले. विर्शिंग यांच्या हाताखाली आर. डी. परींजा कॅमेरा शिकत होते. दही लागलं की विरजण वेगळं काढून दाखवता येत नाही, तसं राय यांचं या माणसांमधलं असणं आहे. मालाडला आल्यावर त्यांनी स्वतः पडद्यावर काम केलं नाही. जे काही होते ते या शिकणाऱ्या मुलांत मिसळून गेले.

याची परीक्षा १९३९ च्या सप्टेंबरात झाली. ‘कंगन’चं चित्रीकरण चालू होतं. नायक अशोककुमार, नायिका लीला चिटणीस. बी. ए. झालेली, नाट्यमन्वंतरच्या नाटकांतून पुढे आलेली ही मराठी अभिनेत्री या चित्रपटानं देशभर पोचणार होती. ३ सप्टेंबरला ब्रिटननं जर्मनीविरुद्ध युद्ध पुकारलं आणि भारतातले जर्मन नागरिक शत्रुपक्षाचे ठरले. दिग्दर्शक, छायालेखक, रसायनशाळेचे प्रमुख, सगळे पोलिसांनी ताब्यात घेतले. एका स्टुडिओचे डोळे आणि हात एकाच वेळी काढून घेण्यासारखं ते होतं.

‘कंगन’ तरीही पूर्ण झाला, त्याच वर्षी लागला आणि चालला. राहिलेलं काम तिथंच शिकून तयार झालेल्या सहायकांनी केलं. पुढच्या वर्षीच्या ‘बंधन’चा कॅमेरा परींजांनी सांभाळला; लीला चिटणीस आणि अशोककुमार ही जोडी त्यातही होती. १९४० च्या मे महिन्यात, पन्नाशी गाठण्याआधीच, राय वारले. कंपनी त्यानंतरही चालली. १९४३ साली त्याच मालाडहून ‘किस्मत’ निघाला. त्याचे निर्माते शशधर मुखर्जी, दिग्दर्शक ज्ञान मुखर्जी, छायालेखक परींजा आणि नायक अशोककुमार. कलकत्त्याच्या एका चित्रपटगृहात तो तीन वर्षांहून अधिक काळ चालला. राय यांचं नाव त्यात शोधायला जाल तर हाती काही लागायचं नाही. मला तर त्यांच्या कारकिर्दीचा सगळ्यात उंच क्षण ‘कंगन’चे ते उरलेले दिवस वाटतात. ज्यांना शिकवलं ते उभे राहिले. निर्मात्याचं मोल करायचं तर ते इथे करावं, त्याच्या माणसांवर आणीबाणी ओढवलेली असताना.

ताब्यात घेतलेल्या जर्मनांचं पुढे काय झालं, ते आमच्याच मुलखात घडलं. अहमदनगरला त्यांच्यासाठी छावणी होती; तिबेटवरच्या पुस्तकानं पुढे जगाला माहीत झालेले हाइनरिख हारर हेही आधी तिथेच होते. नंतर नगरहून देवळाली, तिथून डेहराडून, काही जण साताऱ्याला, असे हे लोक फिरवले गेले. नगरची रेल्वे मनमाडला येऊन मिळते आणि देवळालीहून उत्तरेला जाणारी गाडी नांदगाववरूनच जाते. आम्ही ज्या रुळांवरून रिळांच्या पेट्या यायची वाट बघितली, त्याच रुळांभोवती हा सगळा पसारा हलत होता, हे कळल्यावर दूरचा वाटणारा हा इतिहास मला एकदम घराजवळ आल्यासारखा झाला.

विर्शिंग युद्धभर कैदेत राहिले. सुटल्यावर ते म्युनिकला जाऊन स्थिरावले असते तर कोणी नाव ठेवलं नसतं. ते इथंच राहिले. १९४९ चा ‘महल’ आठवा : झुलता दिवा, अंधारलेला जिना, मधुबालाच्या चेहऱ्यावर अर्धवट पडलेला उजेड. तो उजेड विर्शिंग यांचा. ऊफा आणि म्युनिकच्या स्टुडिओंतली छायाप्रकाशाची रीत त्यांच्या हातानं हिंदी चित्रपटात इतकी मुरली, की ती परकी आहे असं प्रेक्षकाला कधी वाटलंच नाही. ‘पाकीजा’चं छायालेखनही त्यांच्याकडे होतं. १९६७ मध्ये मुंबईत त्यांचं निधन झालं तेव्हा तो चित्रपट अपुरा होता. १९७२ साली तो लागला, तोवर दुसऱ्या छायालेखकांनी उरलेलं काम त्यांच्या चौकटींशी जुळवून घेत पुरं केलं होतं. १९३९ मध्ये मालाडला जे घडलं तेच पुन्हा घडलं. या खेपेला विर्शिंग कायमचे गेले होते. त्यांनी काढलेली बॉम्बे टॉकीजच्या पडद्यामागची छायाचित्रं घरच्यांनी जपली आणि २०१७ मध्ये गोव्यात त्यांचं प्रदर्शन भरलं. त्या छायाचित्रांत नटांच्या जोडीनं दिवे धरणारे आणि कॅमेरा ढकलणारे हातही दिसतात.

या माणसांना मी देव्हाऱ्यात बसवू इच्छित नाही. फ्रांझ ओस्टेन १९३६ साली नाझी पक्षाचे सदस्य झाले होते. अस्पृश्यतेच्या अन्यायावरचा ‘अछूत कन्या’ त्याच वर्षीचा. एका देशातला माणसामाणसातला भेद पडद्यावर करुणेनं मांडणारा दिग्दर्शक आपल्या देशात भेदावरच उभ्या असलेल्या पक्षाचं सदस्यत्व घेतो, हे वाचताना मन बधिर होतं. याच पक्षाच्या राजवटीनं पॉमर यांना देशाबाहेर घालवलं होतं. कसब आणि शहाणपण एकाच माणसात नांदतीलच असं नाही, हे आपल्याला मान्य करावं लागतं. पडद्यामागे राहणं हा गुण आहे. पण आपण कोणाच्या मागे उभे आहोत, हा प्रश्न त्यानं सुटत नाही. नेपथ्यकार स्प्रेटी पुढे पश्चिम जर्मनीचे राजदूत झाले आणि १९७० मध्ये ग्वाटेमालात बंडखोरांनी त्यांचं अपहरण करून त्यांना ठार मारलं. मालाडच्या एका छोट्या चमूतली माणसं विसाव्या शतकाच्या किती वेगवेगळ्या वादळांत सापडली!

आमच्या जिल्ह्यापुरतं बोलायचं तर पडद्यामागच्या कामाचं पहिलं नाव सरस्वतीबाई फाळके यांचं. कच्च्या फिल्मला कडेची भोकं पाडणं, रसायनं कालवणं, उन्हात पांढरी चादर धरून नटांच्या चेहऱ्यावर उजेड परतवणं आणि या सगळ्यावर अख्ख्या कंपनीचा स्वयंपाक, हे त्यांनी केलं. दागिने तर दिलेच. ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ च्या ३ मे रोजी गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये लागला. आजच्या हिशेबानं त्या निर्मात्याच होत्या. दादासाहेबांनी त्याच वर्षी बिऱ्हाड नाशिकला हलवलं आणि १९१८ मध्ये तिथं भागीदारीत ‘हिंदुस्थान’ कंपनी उभी राहिली. भागीदारांशी खटकून दादासाहेब काशीला गेले, काही वर्षांनी परत आले, आणि बोलपटांच्या लाटेत ती कंपनी मिटली. नाशिकच्या त्या कंपनीचा शेवट वाचला की मालाडची घडी किती दुर्मिळ होती, ते जाणवतं. दादासाहेबांची प्रतिभा राय यांच्यापेक्षा कितीतरी मोठी. पण सगळे धागे एकाच हातात असले की तो हात बाजूला होताच वीण सुटू लागते.

मालाडची घडीही कायम टिकली नाही. राय यांच्या पश्चात दोन तट पडले. १९४३ मध्ये शशधर मुखर्जी, अशोककुमार आणि त्यांचे सहकारी बाहेर पडले आणि गोरेगावला त्यांनी ‘फिल्मिस्तान’ काढली. बॉम्बे टॉकीज पुढच्या दशकात बंद पडली. मालाडच्या त्या आवाराला बॉम्बे टॉकीज कंपाउंड म्हणतात, तिथं आता छोटे कारखाने आहेत. यात मला पराभव दिसत नाही. फिल्मिस्तानची माणसं मालाडला शिकलेली होती, त्यांनी पुढे आणखी माणसं शिकवली. संस्थेचं दार बंद झालं तरी तिच्यातलं कसब दुसऱ्या दारानं बाहेर पडून नांदायला लागलं होतं.

मी आमच्या गावात व्याख्यानमालेच्या कामात बरीच वर्षं घालवली आहेत. वक्त्याला स्टेशनवरून आणायचं, माईकवाल्याला सांगायचं, सतरंज्या अंथरायच्या, वीज गेली तर कंदील कुठे आहेत हे माहीत असायचं. या कामाचा आनंद मला मनापासून वाटत आला आहे. पण राय आणि विर्शिंग यांच्याविषयी वाचल्यावर एक गोष्ट मनात घट्ट बसली. मागे राहून राबणाऱ्या माणसालाही एक मोह असतो, आपल्यावाचून अडतं हे ऐकण्याचा. पुढे मिरवणाऱ्याच्या मोहापेक्षा तो अधिक लपून बसतो आणि संस्थेला अधिक नडतो. म्हणून आता वक्त्यांशी बोलणी कॉलेजातली मुलं करतात, हिशेब त्यांच्याकडे आहे, आणि कोणाला बोलवायचं हेही तीच ठरवतात. माझी निवड त्यांना कधी पटत नाही, तेव्हा ती रद्द होते.

गावोगावच्या वाचनालयांत, नाट्यमंडळांत, तालमींत, दूधसंस्थांत असा एखादा तरी माणूस असतो, ज्याच्या खांद्यावर सगळं चालतं आणि ज्याचं नाव फलकावर नसतं. त्याचा सत्कार करायला आपण शिकलं पाहिजे, हे खरंच. त्याहून जास्त गरज आहे ती त्याच्या शेजारी दोन तरुण बसवण्याची, आणि त्याच्या हातातली वही तो जिवंत असतानाच त्यांच्या हातात देण्याची. पॉमर यांना तेरा वर्षांनी परत बोलावलं गेलं, हा त्यांचा मान होता. राय यांना कोणाला परत बोलवावं लागलं नाही. ते गेल्यावरही मालाडला रोजच्या वेळी काम सुरू होत राहिलं, आणि मला हा मान अधिक मोठा वाटतो.